लेखी नकार

डॉक्टरांनी माझ्या नवऱ्याला घरी न्यायला सांगितलं, त्याच आठवड्यात मी ऑफिसात रजेचा अर्ज दिला. आता करण्यासारखं काही नाही, जवळ राहा, एवढंच डॉक्टर म्हणाले होते. सरकारी नोकरीतली माझी अर्जित रजा भरपूर शिल्लक होती. कधी घ्यायची वेळच आली नव्हती.

आम्ही भाईंदरला राहायचो, ऑफिस ठाण्याला. काशीमीऱ्याला बस ट्रकांमध्ये अडकली की घरी आत्ता ते काय करत असतील, याच विचारात मी बसून राही. दिवसभर शेजारच्या गुजराती बेन त्यांच्यापाशी असत. संध्याकाळी दार उघडताना त्या हळूच सांगत, "भाभी, आज भी पूछ रहे थे, छुट्टी मिली क्या."

अर्ज साहेबांच्या टेबलावर पडून होता. आमच्याकडे नाही असं कुणी म्हणत नसे. नाही म्हणायचं तर कारण लिहावं लागतं, खाली सही करावी लागते, आणि पुढे त्या सहीचा जाब द्यावा लागतो. त्यापेक्षा कागद राहू देत. तशीच घरी बसले असते तर गैरहजेरी अनधिकृत ठरून सेवेत खंड पडला असता, आणि त्यांची औषधं माझ्याच पगारावर चालली होती.

शेवटी एका वकिलांकडे गेले. रजा हक्क म्हणून मागता येत नाही, हा नियम त्यांनी आधी सांगितला. न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते, पण आव्हान द्यायला समोर काही हवं. लेखी नकार असता तर काम सोपं होतं, असं ते म्हणाले. उत्तरच नसेल तर वरिष्ठांना निवेदन द्यायचं आणि सहा महिने थांबायचं.

"सहा महिने आहेत का तुमच्याकडे?" त्यांनी विचारलं. मी नाही म्हटलं.

म्हणून मी नकार मागायला गेले. आमचे अधीक्षक निवृत्तीला आलेले, सगळ्यांशी गोड. मी म्हटलं, रजा देत नसाल तर तसं लिहून द्या. त्यांना मनापासून वाईट वाटलं.

"मॅडम, साहेब तुम्हाला नाही कशाला म्हणतील? ते तसे नाहीत हो. तुमच्या जागी माणूस मिळाला की लगेच करतोय."

त्यांनी माझ्यासाठी चहा मागवला. मी तो प्यायले.

घरी हे सांगितलं तेव्हा नवरा बऱ्याच दिवसांनी हसला. "असं कर, मलाच तुझ्या ऑफिसात नेऊन ठेव. तिथून काही पुढे सरकत नाही, मग मीही जायचो नाही." एवढ्यानंच त्यांना धाप लागली.

वकिलांनी निकड दाखवून, सहा महिने न थांबता प्रकरण दाखल केलं. पहिल्या तारखेला सरकारी वकिलांनी उत्तरासाठी मुदत मागितली. ती मिळाली. त्या मुदतीतच एका दुपारी माझा नवरा गेला. मी ऑफिसात होते. शेवटी त्यांचा हात बेननी धरला होता.

पुढच्या तारखेला सरकारी वकिलांनी सांगितलं की रजा मंजूर झाली आहे. मग ठरवायला काही उरलं नाही, प्रकरण निकाली निघालं. मंजुरीच्या आदेशात कारण म्हणून पतीचं आजारपण लिहिलेलं होतं. वकील म्हणाले, आता नको असेल तर रद्द करून घेता येईल, तसा अर्ज द्यावा लागेल.

मी अर्ज दिला नाही. रजा सुरू झाली त्या दिवसापासून घरी राहिले. दुपारचं घर मला ठाऊकच नव्हतं. जेवणं आटोपली की इमारत गप्प होते. जिन्यात पाऊल वाजलं की आपल्याच दाराशी कुणी येतंय असं वाटतं, आणि ते पाऊल वरच्या मजल्यावर निघून जातं.