विलासिनीचेची परत घरात शिरली तो दिवस

विलासिनीचेची माझी शेजारीण; थोरल्या बहिणीला आमच्याकडे चेची म्हणतात. आमच्या गावात, इरिंजालकुड्याच्या अलीकडे, निम्म्या बायकांच्या अंगावर तिनेच शिवलेली पोलकी असतात. नवरा राजप्पन लॉरी चालवायचा; चार वर्षांपूर्वी गेला. त्यानंतरही ती सासूजवळ, त्याच घरात राहिली. एकोणीस वर्षांचा संसार तिथेच झालेला.

मग दीर सुधाकरन शारजाहून कायमचा परतला. जुनं घर पाडून दुमजली बांधायचं त्याच्या डोक्यात होतं, आणि वहिनी त्यात कुठे बसत नव्हती. एकदा चेची भाचीच्या बाळाच्या अठ्ठाविसाव्या दिवसाच्या बारशाला दोन दिवस गेली, ती परतली तर फाटकाला नवं कुलूप. शिलाई मशीन बाहेर फणसाखाली, ताडपत्रीसुद्धा न घालता.

आम्ही दोघी पोलीस ठाण्यात गेलो. "घरातलं भांडण आहे ताई, घरातच मिटवा," असं म्हणून तिथल्या माणसाने चहा मागवला, स्वतःसाठी.

चेची माझ्या मागच्या खोलीत राहिली. तालुक्याच्या संरक्षण अधिकारी बाईंनी घरगुती हिंसाचाराच्या कायद्याखाली कोर्टासाठी अर्ज लिहून घेतला. सुधाकरनने कोर्टात आईचा अंगठा असलेला कागद दिला: सून छळते, तिची भीती वाटते. तो वाचून दाखवला तेव्हा चेची रडली नाही. एवढंच म्हणाली, "अम्माला सही येते. अंगठा कशाला घेतला?"

पाच महिन्यांनी आदेश आला. तिला तिच्या खोलीत राहू द्यायचं, स्वयंपाकघर आणि विहीर वापरू द्यायची, पोलिसांनी सोबत जाऊन आत पोचवायचं.

सकाळी दहाला निघालो. हवालदार रेजिता, एक शिपाई, चेची आणि साक्षीदार म्हणून मी. सुधाकरन फाटकाच्या आत, हातात कोयता, शहाळं तासत बसलेला. उठला नाही.

"घर आईच्या नावावर आहे, मॅडम."

"कुणाच्या नावावर ते दिवाणी कोर्ट बघेल. तोवर यांना बाहेर काढता येणार नाही. कुलूप उघडा."

"किल्ली हरवली."

"मग तोडते. आणि आदेश मोडला म्हणून तुम्हाला घेऊन जाते. कोयता खाली ठेवा आधी."

त्याने ठेवला नाही. शहाळ्याचा एक तुकडा उडून चेचीच्या पायाशी पडला. चेची फाटकाचे गज धरून उभी होती. "वहिनी," तो हसत म्हणाला, "पोलीस संध्याकाळी घरी जातील. मग?"

"मग मी स्वयंपाक करीन," चेची म्हणाली.

रेजिताने शिपायाला खूण केली. पहार कुलपाला लागली तेव्हा कुठे सुधाकरनने कोयता पायरीवर टाकला नि लुंगीच्या कनवटीतून किल्ली काढून भिरकावली.

सासू कार्त्यायनीअम्मा दाराशी आल्या होत्या, भिंतीला धरून. मला वाटलं, आता सुनेला जवळ घेतील. त्या म्हणाल्या, "ही आत आली तर मी अन्नाला शिवणार नाही."

रेजिताने हातातला कागद पुन्हा चाळला. याला आदेशात उत्तर नव्हतं.

चेचीने चपला काढल्या. "नका शिवू, अम्मा. पण मी राहणार." आणि त्यांच्या शेजारून आत गेली. खोलीत सुधाकरनची सिमेंटची पोती होती. आम्ही दोघींनी ती ओढून व्हरांड्यात काढली. तो बघत उभा राहिला.

अम्मा दीड दिवस उपाशी राहिल्या. दुसऱ्या संध्याकाळी चेचीने पेजेचं ताट दाराशी ठेवलं आणि हाकही न मारता निघून गेली. ताट रिकामं झालं.

सुधाकरनचं अपील फेटाळलं गेलं. घराच्या मालकीचा दावा चालूच आहे. दर शुक्रवारी रेजिता चक्कर मारते, चेचीला फाटकावर बोलावून "बरं आहे ना?" विचारते आणि वहीत सही घेते. चेची अजून आतून कडी घालून वर मशीन दाराला टेकवून झोपते.

परवा मी विचारलं, "चेची, एवढ्या तणावात राहण्यापेक्षा माझ्याकडे का नाही राहत?"

तोंडातल्या टाचण्या काढून ती म्हणाली, "शैलजे, तुझ्याकडे मी पाहुणी. इथे भांडायला तरी माझा हक्क आहे. हात वर कर, बगलेचं माप घेते."