शेलारच्या लावणीतली कडेची बाई

भिवंडीला कुणी हौसेनं फिरायला जातं का? मी गेलो होतो, सत्तरच्या दशकात. मुंबईत जुन्या फिल्मच्या एका गोदामात कारकून होतो. मूकपटांच्या काळातले बातमीपट तपासायचे आणि ज्यात ओळखीचं कुणी नाही ती रीळं धुऊन चांदी काढायला पाठवायची, हे माझं काम. लाटसाहेबांच्या मिरवणुका वाचायच्या, साधी माणसं धुतली जायची. मला भयंकर राग यायचा. एका डब्यावर ‘शेलार, भिवंडी’ एवढंच होतं, आत भातलावणी. साहेब म्हणाले, “आठ दिवसांत एक तरी माणूस ओळखून आण, नाहीतर पाठवून दे.”

ही जुनी फिल्म पटकन पेट घेते, एसटीत नेणं शक्य नव्हतं. शिवाय तिचे तुकडे झालेले. म्हणून बारा फोटो काढून घेतले. ठाण्याहून तिकीट जेमतेम रुपयाचं. कशेळीचा पूल ओलांडताना खिडकीशी बसा, खाडी छान दिसते. निजामपुऱ्यात लूमच्या खडखडाटात चहावाला ओरडूनच बोलला, “शेलार? सीधा जाव, पैदल!” तिथली गरम भजी खाऊन मी चालू लागलो.

शेलारात येसूबाई नावाच्या पन्नाशीच्या शेतकरणीनं अंगणात बसवलं. तुकड्यांचा क्रम अंदाजानं लावून मी फोटो ओळीनं मांडले.

“उलटं मांडलं तुमी, दादा! लावणीवाली मागं मागं सरकते. पुढं चालली तर आपलंच रोप तुडवंल.”

माणसं पुढंच चालतात, असं या शहाण्यानं धरलं होतं! त्या हसत फोटो फिरवू लागल्या आणि मधेच थांबल्या.

“ही कडेची डावरी हाय.”

सगळ्यांच्या डोक्यांवर इरली, तोंड एकीचंही दिसत नव्हतं. पण कडेची बाई खरंच डाव्या हातानं रोप लावत होती.

“माजी आय डावरी व्हती. बाबा सांगायचा, अख्ख्या गावात ती एकलीच. मदी घेत न्हायत डावरीला, कोपराला कोपर लागतं. मी चार वर्सांची असताना गेली. तिचा फोटू न्हाय.” मग हळूच विचारलं, “हिनं मान वर केलीय का कुटं?”

बाराही फोटोंत ती वाकलेलीच होती.

परतल्यावर सगळे तुकडे भिंगाखाली पुन्हा पाहिले. ती एकदाही मान वर करत नाही. नोंदवहीत मी लिहिलं, ‘कडेची बाई : येसूबाईंची आई.’

“तोंड दिसत नाही. ओळखलं कसं?” साहेबांनी विचारलं.

“हातावरून.”

कुरकुरत का होईना, त्यांनी सही केली. रीळ वाचलं. लाटसाहेबांचे चेहरे मी कधीच विसरलो; ती वाकलेली पाठ अजून डोळ्यांपुढं आहे. तेव्हा एक फोटो मोठा करून शेलारला पाठवला होता. कुणाकडून तरी लिहून घेतलेलं येसूबाईंचं कार्ड आलं : “फोटू भितीवर लावला. कुकू लावायला कपाळ दिसना, म्हनून हाताला लावलं.”