वारलेल्या सोजरचा व्हिडिओ कॉल

भुताखेताची गोष्ट निघाली की मी आजवर हसण्यावारीच नेत आले. आमच्या गावात ओढ्याकडच्या चिंचेखाली भर दुपारी कुणी फिरकत नाही, आणि मी सून होऊन आल्यापासून त्याच झाडाच्या चिंचा वेचून वर्षभराची आमटी करते. झाडानं कधी "कोण गं तू?" म्हणून विचारलं नाही. तेव्हा मंडळी, हे लिहिणारी बाई भित्री आहे किंवा तिच्या अंगात वगैरे येतं असं समजू नका. जे झालं ते दिवसाढवळ्या, अकराच्या सुमाराला, उस्मानाबादच्या एसटी स्टँडवर झालं. (बोर्डावर आता धाराशिव आहे, पण माझ्या तोंडाचं वळण जुनं.) भोवती माणसांची ही गर्दी, आणि एक बाई माझ्यासोबत साक्षीला होती.

आधी घड्याळाचं सांगते, म्हणजे पुढचं कळेल.

माझी लेक मनीषा पुण्याला असते. ती रोज व्हिडिओ कॉल करायची आणि मी रोज उचलायची नाही. मुद्दाम नाही हो... फोन दिवळीत, मी परसात, आणि डावा कान जरा कमी. मग ती घाबरून शेजारणीला फोन लावणार, शेजारीण धापा टाकत येणार, आणि मी आपली निवांत शेंगा फोडत बसलेली! मागच्या दिवाळीला ती आली ते एक घड्याळ घेऊनच.

"आई, फोनवर कॉल आला की हे मनगटावर थरथरंल. कुणाचा हाय ते नाव दिसंल. बोलायचं मातर फोनवरच. घड्याळात बोलता येत न्हाय, कळलं का?"

कळलं म्हणाले. पण सवय वाईट. हात थरथरला की मी मनगट तोंडाशी नेऊन "हॅलो! कोण?" म्हणून ओरडतेच. अजूनही. पहिल्यांदा थरथरलं तेव्हा मी भाकरी थापत होते. मला वाटलं हातात वायू भरला. पिठाचा हात वर धरून खालीच बसले आणि सुनेला म्हणाले, "मनीषाला बोलावून घ्या, मी चालले." सून हसून हसून चुलीपुढं लोळायची बाकी होती.

आता यातली एक गंमत नीट ध्यानात ठेवा. घड्याळ स्वस्तातलं, त्याला मराठी येत नाही. आणि मला इंग्रजी येत नाही. म्हणजे आमचं दोघांचं जमायचं कसं! फोनमध्ये नावं सगळी मराठीत, ती घड्याळावर आली की नुसते चौकोन. अक्षराला एक चौकोन, काना-मात्रेला आणखी एक. मनीषा म्हणजे पाच चौकोन. मी चौकोन मोजूनच माणूस ओळखायला लागले. एकदा पाच मोजले, पळत जाऊन फोन उचलला आणि म्हणाले, "काय गं बाळा, जेवलीस का?" पलीकडं आमचा गिरणीवाला महादू. म्हणाला, "न्हाय अजून मावशी, तुमचं पीठ न्या मग जेवतो."

असं आमचं घड्याळ.

आता सोजर. सोजर माझी लहानपणची जीवाची मैत्रीण. आमचं माहेर तुळजापूरच्या अलीकडचं एक खेडं. बहात्तरच्या दुष्काळात तलावाच्या कामावर आम्ही बारा वर्षांच्या पोरी मातीच्या पाट्या वाहायचो आणि दुपारी सुकडी, म्हणजे भाजलेलं गोड पीठ, मिळायची. कोरडी सुकडी तोंडात भरायची आणि समोरचीला हसवायचं, हा आमचा खेळ. जिच्या तोंडातनं भुस्सकन सुकडी उडाली ती हरली. दरवेळी मीच हरायची. मग सोजर तिच्यातली अर्धी सुकडी माझ्या पदरात टाकायची... "हरलीस ती हरलीस, उपाशी कशाला मरतीस?"

चार वर्षांनी तिचं लग्न झालं. भूमकडं, मोऱ्यांच्या घरात दिली. पुढच्या उन्हाळ्यात मी इकडं ढोकीच्या बाजूला आले. तिचे आई-बाप, भाऊ सगळे कामाला म्हणून मुंबईकडं गेले ते तिकडचेच झाले. माहेरात तिचं कुणी उरलं नाही, की ज्याला विचारावं. झालं. पन्नास वर्षं होत आली, गाठ नाही.

दोन वर्षांखाली भूमकडं एका लग्नाला गेले होते. सोजरचं गाव वाटेतच. परत येताना गाडी पाच मिनिटं थांबवायला लावली आणि किराणा दुकानात विचारलं, "मोऱ्यांची सोजरबाई कुठं राहती हो?"

दुकानदार म्हणाला, "सोजरबाई? ती वारली की मागच्या पोळ्याला."

तिथनं घर दहा पावलांवर होतं म्हणे. पण मी गेलेच नाही. कुणाला भेटू आणि काय सांगू? गाडीवाला हॉर्न वाजवत होता. तशीच मागं फिरले. घरी आल्यावर तिच्या नावानं डोक्यावरून पाणी घेतलं. सगळ्यात जास्त काय लागलं सांगू? आपण शोधायला निघालो, पण उशिरा निघालो.

तर मागच्या दिवाळीनंतर पंधरा-वीस दिवसांनी मी हयातीचा दाखला द्यायला उस्मानाबादला गेले. आमचे मालक झेडपीत शिपाई होते, त्यांच्या माघारी पेन्शन मला मिळते. वर्षातनं एकदा बँकेत जाऊन "मी जिवंत आहे" असं लिहून द्यावं लागतं. सोबतीला वन्सं होत्या. वन्सं म्हणजे माझी धाकटी नणंद, जिभेनं तिखट पण प्रवासाला हिच्यासारखी सोबत नाही.

"वहिनी, तुमच्यासारख्या बडबड्या बाईला जिवंत हाय म्हनून कागद कशाला लागतो? त्या सायबापुढं पाच मिनिटं बसायचं, त्योच हात जोडून लिहून देईल."

काम लवकर झालं. स्टँडवर येऊन ढोकीच्या गाडीत बसलो. अर्धं तिकीट काढायला पदराची गाठ सोडतच होते, तेवढ्यात हात थरथरला. मनीषा असेल म्हणून बघितलं... आणि चौकोन नव्हते.

हिरव्या ॲपचा कॉल आला की एक फोनचं चित्र येतं, ते होतं. आणि त्याच्याखाली, शाळेच्या फळ्यावर गुरुजींनी लिहावं तसं सरळ, स्वच्छ, मराठीत — सोजर. खाली व्हिडिओ कॉल.

"वन्सं, हे काय लिवलंय बघा बरं."

वन्संनी चष्मा वर केला. "सोजर. कोण वो ही सोजर?"

"वारलेली."

"अगं बया!" वन्सं दोन बोटं पलीकडं सरकल्या आणि पिशवी छातीशी धरली.

खोटं नाही सांगत, माझ्याही अंगावर काटा आला. पण मग मनात आलं, भूत असलं तरी सोजरचं आहे ना? तिनं मला उपाशी ठेवलं नाही, ती माझं काय वाईट करील? आणि घड्याळ आपलं थरथरतच होतं. मी मनगट तोंडाशी नेलं आणि माझ्या सवयीनं जेवढा होता तेवढा आवाज लावला —

"सोजर! सोजर हायस का गं? बोल की!"

आमच्या गाडीला लागून दुसरी गाडी उभी होती, खिडकीला खिडकी. तिचं इंजिन चालू झालेलं. त्या खिडकीतनं एक पांढऱ्या केसांची म्हातारी माझ्याकडं वळली.

"कोण गं? मला सोजर म्हननारं कोण उरलंय आता?"

तिच्या हनुवटीवर तीन ठिपक्यांचं गोंदण होतं. तसंच माझ्याही आहे. एकाच गोंदणारणीकडनं, एकाच दिवशी, रडत रडत काढून घेतलेलं.

"म्या प्रयाग! पया!"

"पया?" ती अर्धी खिडकीबाहेर आली. "सुकडी सांडणारी पया?"

तेवढ्यात तिची गाडी हलली! आत्ता गेली तर गेलीच. मी वन्संना ओलांडून, कुणाच्या तरी कोंबडीच्या पाटीवर पाय देऊन, "थांबवा, थांबवा" करत दाराकडं पळाले. गुडघे दुखतात हे मला त्या दिवशी आठवलंच नाही. तिकडं सोजरनं गाडीत काय गोंधळ घातला देव जाणे, पण घंटी वाजली, गाडी थांबली. बाई कंडक्टर दारात उभी.

"आजी, भूमला जायचंय का न्हाय? एक काय ते ठरवा."

"भूम कुठं पळून चाललंय व्हय? माजी मैतरीन पळून चाललीय!" असं म्हणत सोजर उतरली. तिची पिशवी लोकांनी खिडकीतनं खाली दिली. कंडक्टरबाई हसल्या, म्हणाल्या, "पुढची गाडी दीडला हाय, तवर रडून घ्या." गाडी गेली. पाठोपाठ आमचीही गेली. आम्ही दोघी स्टँडच्या मधोमध एकमेकींच्या गळ्यात, आणि वन्सं पिशव्या राखत उभ्या.

बाकड्यावर बसल्यावर मी पहिलं तिला चिमटा काढला.

"अगं तू वारलीस ना? मी तुझ्या नावानं आंघोळ केली."

"आंगूळ? पानी तरी गरम घेतलं हुतंस का?"

मग उलगडा झाला. मोऱ्यांच्या घरात थोरली सून सोजरच होती. एका घरात दोन सोजर कशा चालतील? म्हणून लग्नात हिचं नाव बदललं, तांदळात कलावती काढलं. गावाला ही कलाबाई म्हणूनच ठाऊक. पोळ्याला वारली ती हिची जाऊ. आणि माझं तरी काय वेगळं? सासूबाईंनी प्रयागची शालन केली. हिनंसुद्धा एकदा ढोकीच्या बाजारात "प्रयाग, प्रयाग" म्हणून चौकशी केली होती. कुणाला पत्ताच नाही. दोघी एकमेकींना शोधत होतो, आणि ज्या नावानं शोधत होतो ती नावंच सासरी कुणाला माहीत नव्हती.

"अगं, दहा पावलं आली असतीस तर म्याच दार उघडलं असतं," सोजर म्हणाली. "आन् तू मला मारून म्होरं गेलीस!"

वन्सं म्हणाल्या, "वहिनी, बँक उघडी हाय अजून. ह्यांचाबी हयातीचा दाखला काढून टाका."

इतकं हसलो, की बाजूचे लोक बघायला लागले.

आता खरी गोष्ट. निघताना मी म्हणाले, "तुझा कॉल आला म्हणून तर ओरडले गं. माझा नंबर तुला कुणी दिला?"

"कसला कॉल?" तिनं पिशवीतनं बटणाचा साधा फोन काढला. त्यात हिरवं ॲप नाही, चित्र नाही, काही नाही. "मला फोन उचलायला येतो, लावायला नात लागती."

मी माझा फोन काढायला पिशवीत हात घातला. फोन नाही. पिशवी उपडी केली. पासबुक, चष्म्याचं घर, केळी... फोन नाहीच. वन्संनी त्यांच्या फोनवरनं माझा नंबर लावून फोन माझ्या हातात दिला. सुनेनं उचलला.

"आत्या, तुमचा फोन घरीच हाय की. सकाळधरनं चार्जिंगला लावलाय."

घर तिथनं पंचवीस किलोमीटर. आणि मनीषानंच सांगितलेलं, फोन दहा-पंधरा पावलं लांब गेला की हे घड्याळ नुसतं वेळ दाखवतं.

घरी येऊन फोन बघितला. सकाळपासून एकही कॉल नाही, आलेला नाही, चुकलेला नाही. सोजर नावाचा नंबर माझ्या फोनमध्ये नव्हताच, मेलेल्या माणसाचा कोण ठेवतं? जावईबापू कॉम्प्युटरमधले. त्यांनी घड्याळ आठ दिवस पुण्याला नेऊन उलटंपालटं केलं. शेवटी म्हणाले, "आई, असं होऊ शकत नाही." पहिल्यांदा त्यांनी भास म्हणून बघितलं. तर वन्सं त्यांच्यावरच चढल्या, "सला काना-मात्रा, ज, र. दोघींना एकच भास व्हतो व्हय?"

सोजरला विचारलं, तुझ्या मनात तेव्हा काय होतं? म्हणाली, "काय नव्हतं गं. ऊन लागत हुतं, खिडकी बदलावी का म्हनत हुते."

बस. यापुढं मला काही सांगता येत नाही. देवीनं केलं म्हणावं तर आम्ही त्या दिवशी तिच्या दारात नव्हतो, आणि मशीन बिघडलं म्हणावं तर बिघडून इतकं शुद्ध मराठी कुठनं आलं? तुमच्यापैकी कुणाला ठाऊक असेल तर जरूर सांगा, मी वाचीन.

आत्ता मात्र थांबते. सोजर आठ दिवसांसाठी राहायला आलीय. हे लिहायला बसल्यापासून तिसऱ्यांदा ओरडतीय, "पये, च्या निवाला गं! लिवनं व्हईल मागनं." आमची सून पहिल्या दिवशी मला विचारत होती, "आत्या, ही पया कोण?"

आले गं बाई, आले.