कोरड्या विहिरीचा तांब्या

"ताई, माय गेली वं... पहाटं," गजू फोनवर म्हणाला आणि मला रडू आलं नाही. डोळ्यांपुढे आधी आलं ते मोजणीला आलेल्या त्या साहेबाचं तोंड. माझी द्वारकाआत्या गेली आणि तो अजून धडधाकट आहे, सकाळी फिरायला जातो, नातवंडं खेळवतो. त्याची उलटतपासणी व्हायच्या आत तिने जावं याचा मला संताप आला. त्याला आता काही आठवडे झाले, संताप तसाच आहे. तेव्हा 'आत्म्यास शांती लाभो' हे वाक्य या लेखात शोधू नका.

आत्या सुलतानपूरची. नवरा लवकर गेला आणि पदरात एकटा गजू घेऊन तिने रान कसलं. कांद्याचं बी करायची. पांढरे गोंडे फुलोऱ्यात आले की मला मुद्दाम बोलावून घ्यायची, आणि गोंड्याला हात लावला की ओरडायची. सगळं रान विहिरीवर. भर उन्हाळ्यातही त्या विहिरीचा तळ कोणी पाहिला नव्हता, आणि आत्याला त्याचा भारी तोरा होता. कोणीही येवो, आधी पाणी, मग नाव-गाव.

मोठ्या रस्त्यात रान जाणार हे कळलं आणि मोजणीच्या आदल्या दिवशी आत्याने आमच्याकडचा कुठलाही शहाणा माणूस करतो तेच केलं. शिवारात अनोळखी माणसं येणार म्हणून विहिरीवरची मोटर काढून बैलगाडीत घातली आणि घरी आणली. मोटरी चोरीला जातात आमच्याकडे. तिने केबलसुद्धा मागे ठेवली नाही. दुसऱ्या दिवशी साहेब आला तेव्हा वैशाखाचं ऊन तापलं होतं, बी काढून झाल्यामुळे रान मोकळं होतं. आत्याने दोर-बादलीने पाणी शेंदलं आणि पितळी तांब्या भरून पुढे केला. मी शेजारीच उभी होते.

"प्या सायेब, उन्हात आले तुमी."

साहेब घटाघटा प्याला. "आजी, गोड आहे हो पाणी," म्हणाला आणि आणखी एक तांब्या मागून तोंडावर मारला. पंचनाम्यावर सह्या आधीच घेऊन झाल्या होत्या. विहिरीत डोकावायला काही तो उठला नाही.

भूसंपादनाच्या निवाड्याचा कागद आला तो गजूने ओट्यावर बसून वाचला. विहिरीवर पंप नाही, विहीर कोरडी, जमीन जिरायत. म्हणजे बागायतीचा भाव गेला आणि विहिरीचं मोलही गेलं. आत्या म्हणाली, "मंग तो काय प्याला बे?"

ताबा घेताना मशीनने विहिरीत मुरूम ढकलला. मुरूम खाली गेला तसं पाणी वर चढलं आणि काठावरून वाहायला लागलं. "कोरडी हाये ना? मंग हे काय माह्या डोयातलं पानी हाये का?" आत्या मशीनवाल्यावर ओरडत होती. मोबाइल सगळ्यांच्या खिशात होते, पण आम्ही असे थिजलो की फोटो काढायचं एकालाही सुचलं नाही.

वाढीव मोबदल्याचा दावा लागला. तेव्हापासून त्या तांब्याने घरात कोणी पाणी प्यायचं नाही असं आत्याने ठरवून टाकलं. तो फळीवर पालथा असायचा. तारखेला मात्र पिशवीतून बुलढाण्याला यायचा आणि कोर्टाच्या बाकावर तिच्या मांडीत बसायचा. साहेब दिसला की ती तो बाहेर काढून पदराने पुसायला लागायची. एकदा तो हात जोडून जवळ आला. "आजी, चुकून झालं असेल. मी आता रिटायर झालो. मिटवून घ्या ना."

"मिटवतो ना," आत्या म्हणाली. "माही विहीर उकरून द्या, तिचं पानी पाजा मले, मंग मिटलं."

त्याचा उतरलेला चेहरा आठवून आम्ही दोघी परतीच्या एसटीत मेहकरपर्यंत हसत होतो. फार सुखाचं हसणं होतं ते. मध्येच गंभीर होऊन ती म्हणाली, "पैसा भेटो न भेटो. त्यानं पिंजऱ्यात उभं राहून म्हनलं पाह्यजे, पानी प्यालो मनून." तिची साक्ष झाली. त्याची पाळी आली की नेमका त्याला ताप भरायचा.

तेरवीला दानाची भांडी काढली, त्यात गजूच्या बायकोने हा तांब्याही ठेवला. भटजी म्हणाले, तांब्या दिला की जीव सुटतो. मी तो ताटातून उचलून घेतला. म्हटलं, "नाही सुटायचं तिला अजून." बाई काय बोलते, असं मागून कोणी तरी कुजबुजलं. बोलते तर बोलते.

पुढची तारीख लागली आहे. आत्याची साक्ष कागदावर आहे, माझी व्हायची आहे, तांब्या हा काही पुरावा होत नाही, असं वकील सांगतात. नसेना. तो आता माझ्या स्वयंपाकाच्या ओट्यावर पालथा असतो आणि मी त्याला चिंचेने घासून लख्ख ठेवते. त्या दिवशी कोर्टाच्या दारातच साहेबाला गाठणार आहे. भरलेला तांब्या त्याच्यापुढे धरणार आहे, आणि आत्याच्याच मायेने म्हणणार आहे... "प्या सायेब, उन्हात आले तुमी."