चुन्याच्या रेघेवर उभ्या राहिलेल्या सुमनबाई

बाई गेल्याचा फोन आला तेव्हा मी परतूरच्या स्टेशनवर गाडीची वाट बघत होतो. फोन त्यांच्या धाकट्या भावाचा. "सर, ताई सकाळी गेली," एवढंच तो बोलला. गाडी आली, निघूनही गेली, मी बाकावरच बसून राहिलो... त्याला आता दीड महिना होईल.

सुमनबाई मूळच्या पिंपळगाव रेणुकाईच्या, शेतकऱ्याच्या घरातल्या. आमच्या शाळेत त्या गणित शिकवायच्या, मी विज्ञान. सतरा वर्षं आम्ही एकाच स्टाफरूममध्ये बसलो. पुढं पक्षानं तिकीट दिलं, बाईंनी नोकरीचा राजीनामा दिला आणि त्यांच्या जुन्या विद्यार्थ्यांनी गावोगाव हिंडून त्यांना निवडून आणलं. लोकांसाठी त्या 'ताई' झाल्या, आम्हा शाळेतल्या मंडळींसाठी बाईच राहिल्या.

आमदारकीच्या दुसऱ्या वर्षी दहावीच्या परीक्षेला मी केंद्रसंचालक होतो. आमच्याकडं कॉप्या टाकायला भिंतीशी माणसं जमायची आणि आम्ही मास्तर लोक दुसरीकडं बघायचो. लिहायला लाज वाटते, पण खरं आहे. गणिताच्या पेपरच्या आदल्या दिवशी कार्यकर्त्यांनी बाईंना घरी गाठलं. मीही तिथं होतो. "ताई, सरांना नुसतं म्हणा, जरा ढील द्या. सगळीकडं चालू हाय." बाईंनी माझ्याकडं पाहिलं. मी नजर खाली वळवली. त्यांनी नुसती मान हलवली असती तरी मी मागच्या खिडक्या उघड्या ठेवल्या असत्या... हे मी त्यांना कधीच सांगू शकलो नाही. "उद्या मी येते," एवढंच त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी साडेदहालाच त्या आल्या. पोलिसांनी फाटकाबाहेर चुन्याची रेघ मारली होती. त्या रेघेवर, शाळेकडं पाठ करून, त्या उभ्या राहिल्या. "ह्याच्या आत कुणी यायचं नाही. मीपण येणार नाही." समोर शे-दीडशे माणसं, बंदोबस्ताला दोन शिपाई. पेपर सुरू झाला तसा घोळका पुढं सरकू लागला. मी फाटकाच्या आत उभा होतो. तेवढ्यात एक दगड आला आणि बाईंच्या कपाळाला लागला. शिपायानं काठी उगारली. "हात खाली घ्या," बाई त्याला म्हणाल्या. दगड मारणारा त्यांच्याच हाताखाली शिकलेला भास्कर होता. तो पुढं आला. "बाई, माझी बहीण आत बसलीय. आवंदा नापास झाली तर लगीन लावून देतेत तिचं. तुमाला काय ठाव न्हाई का?"

बाईंनी पदर कपाळावर दाबून धरला. "ठाऊक आहे रे. मागच्या वर्षी नापास झाली तेव्हाच माझ्याकडं धाडायची होती."

घोळका होता तिथंच थांबला. पेपर सुटेपर्यंत बाई तिथंच उन्हात उभ्या होत्या.

भास्करची बहीण मीरा थोडक्या मार्कांनी राहिली. त्याच उन्हाळ्यात तिला घनसावंगीकडं दिली. बाई दोनदा तिच्या सासरी गेल्या, तिला परीक्षेला बसू द्या म्हणून विनवलं. सासूनं चहा पाजला आणि विषय बदलला. पुढची निवडणूक बाई हरल्या. कार्यकर्ते म्हणाले, त्या पेपरनंच घात केला. हरल्याचं बाईंना फारसं लागलं नाही, मीराचं लागलं. "मी बरोबरच वागले, सर," एकदा त्या म्हणाल्या, "पण त्या पोरीचं काय झालं?" 

मग त्यांनी आपल्या संपर्क कार्यालयाच्या पुढच्या खोलीत फळा लावला आणि नापास झालेल्या पोरींना गणित शिकवू लागल्या. शेवटपर्यंत शिकवत होत्या...

मागच्या आठवड्यात मी त्या खोलीत गेलो. वाटलं होतं कुलूप असेल. आत सात-आठ पोरी वह्या उघडून बसल्या होत्या, आणि एका कोपऱ्यात, मांडीवर लेक घेऊन, मीरा. "सासू वारली, तवापासून हितं शिकाया येतेय मी," ती म्हणाली. "बाईंनीच फॉर्म भरला माझा. मंग आता कोण शिकवणार, सर?"

फळ्यावर बाईंच्या अक्षरात एक गणित अर्धं राहिलं होतं. ते पुसायला हात धजावला नाही. मी खडू घेतला आणि त्याच्या खाली पुढची पायरी लिहिली.