भिंतीवरचे तीन डाग

गेल्या हिवाळ्यात आमच्या इथल्या, कुवेतच्या कॉलेजात एक स्वीडिश बाई दोन आठवडे शिकवायला आल्या होत्या. वय सत्तरीच्या पुढे. नाटक-सिनेमांसाठी घरं, खोल्या, गल्ल्या उभ्या करण्यात त्यांचं आयुष्य गेलेलं. पहिल्या दिवशी त्यांनी स्वतःच्या कामाबद्दल सांगितलं, पण बक्षिसांचं नाव काढलं नाही. सुरुवातीला त्या एका नाट्यगृहात नव्या भिंती जुन्या दिसाव्यात म्हणून मळवायचं काम करायच्या. चहाचं पाणी, बुटाचं पॉलिश, काजळी. पुढे त्यांनी पहिल्यांदा एक अख्खं स्वयंपाकघर उभं केलं. ते इतकं सुंदर झालं की तालमीला आलेल्या नटीने विचारलं, "पण मी पिशवी कुठे टाकू?" पिशवी टाकायला बाईंनी जागाच ठेवली नव्हती. तेव्हापासून चाळीस वर्षं, माणूस कुठे टेकतो ते त्या आधी ठरवतात आणि भिंत नंतर.

ऐकताना मला अब्बा आठवले, आणि मी वहीत डोकं खुपसलं. अब्बा रंगारी आहेत. भाडेकरू घर सोडून गेला की तिथे कोणी राहत होतं हे कळू नये, अशी भिंत करून द्यायची, हे त्यांचं कुवेतमधलं वीस वर्षांचं काम. रत्नागिरीकडच्या गावात सातवीत त्यांची शाळा सुटली. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिली. कॉलेजात मी सांगितलं होतं, अब्बा मेंटेनन्समध्ये आहेत. तसं ते खोटं नव्हतं.

बाईंनी सांगितलं, तुम्ही राहता त्या खोलीचं मॉडेल करा. शुक्रवारी अब्बांना सुट्टी होती. कुवेत शहरातल्या मिरकाब भागात आम्ही राहतो त्या जुन्या बिल्डिंगमधली बसायची खोली आम्ही दोघांनी पुठ्ठ्यात कापली. मी पांढऱ्या रंगाची डबी उघडली, तर अब्बा हसले.

"पांढरी होती तेव्हा तू रांगत होतीस."

त्यांनी पांढऱ्यात पिवळ्याचे दोन थेंब आणि काळ्याचा एक टाकला. रंग हुबेहूब आमच्या भिंतीचा झाला. मग त्यांनी स्वतःच्या केसांतून बोट फिरवलं आणि पुठ्ठ्याच्या भिंतीवर, गादीवर बसलं की डोकं टेकतं तिथे, टेकवलं. तेलाचा गोल डाग उमटला.

"हा मी."

"आणि मी काय दिवसभर उभी असते?" अम्मी आतून ओरडली. "माझा पण लावा!"

"माइन इज लोअर," धाकटा भाऊ मोबाइलमधून मान वर न करता म्हणाला.

"घ्या, साहेबांची पण जागा," म्हणत अब्बांनी अम्मीच्या डागाशेजारी तिसरा, जरा खाली लावला. उरलेला रंग त्यांनी एका छोट्या बाटलीत भरून दिला. "बसमध्ये कुठे खरचटलं तर हात मार."

सुट्टी संपून रविवारी कॉलेज उघडलं, तेव्हा वर्गात सगळ्यांची मॉडेलं टेबलावर होती. काचेचे जिने, पांढरेशुभ्र हॉल. एका मुलीच्या घरात तर स्वयंपाकघरंच दोन होती. माझ्या मॉडेलला कोणी हसलं नाही. कोणी हसायच्या आधीच मी ते बाथरूममध्ये नेलं आणि अब्बांच्याच बाटलीतल्या रंगाने तिन्ही डाग झाकले.

दुपारी बाई टॉर्च घेऊन आल्या. त्या पुठ्ठ्याच्या खिडकीतून उजेड टाकून बघत. तिन्ही डाग रंगातून वर आले होते, आधीपेक्षा काळपट. रंगाऱ्याच्या मुलीला हे कळायला हवं होतं.

"इथे कोणी बसतं का?" त्यांनी विचारलं. त्यांचा चेहरा खुलला होता.

"नाही," मी म्हणाले. "बसमध्ये डबा सांडला."

"असं होय." त्यांनी टॉर्च बंद केला. "मग उद्या नीट करून आण."

घरी अब्बा वाटच बघत होते. "काय म्हणाल्या बाई?"

"नीट करून आण म्हणाल्या."

त्यांनी मॉडेल खिडकीपाशी नेलं आणि भिंतीवरून अंगठा फिरवला. त्यांना कळलं.

"प्रायमर न लावता हात मारलास, बाय. तेल वर येणारच."

ते कामाच्या पिशवीतून प्रायमर आणि बारीक ब्रश घेऊन आले. मी म्हणू शकले असते, राहू दे अब्बा, ते डाग असू देत. मी मोबाइलचा उजेड धरून उभी राहिले. वाळल्यावर त्यांनी वरून रंगाचा हात मारला आणि गिऱ्हाइकाला सांगतात तसं म्हणाले, "आता नाही येणार. पाच वर्षांची गॅरंटी."

दुसऱ्या दिवशी बाईंनी टॉर्च लावला, काम स्वच्छ आहे म्हणाल्या आणि पुढच्या टेबलाकडे गेल्या.

त्या दिवसापासून अब्बा गादीवर बसले की खांद्यावरचा टॉवेल डोक्यामागे धरतात आणि मगच टेकतात. काल मी त्यांच्या शेजारी जाऊन बसले आणि मुद्दाम भिंतीला डोकं टेकायला गेले.

"थांब," म्हणत त्यांनी अर्धा टॉवेल माझ्या डोक्यामागे सरकवला.