मिशीचं तिसरं कडवं

जर्मनीचा सगळा इतिहास एका उडालेल्या मिशीत सामावलाय असं मानणारा माणूस जगात एकच निघावा आणि तो नेमका माझ्या बायकोचा मामा असावा, हा माझ्या पत्रिकेतला दोष. मामा चाळीस वर्षांपूर्वी गिअरबॉक्स बनवायला जर्मनीत ब्योब्लिंगेनला आले, निवृत्त झाले आणि बर्लिनच्या जुन्या रंगमंचांवर बिअरच्या घोटांबरोबर गायल्या जाणाऱ्या एका विनोदी गाण्याच्या मागे लागले. गाणं एका पोस्टमास्तरचं. त्याची नकली मिशी वाऱ्याने उडते. पहिल्या कडव्यात ती नगराध्यक्षांच्या सूपच्या वाटीत पडते, दुसऱ्यात पाद्रीबुवांच्या कुत्रीला चिकटते. तिसरं कडवं कुठेच सापडत नाही. जी दोन सापडली, त्यांच्या इतिहासाच्या मामांकडे बावीस फायली आहेत. एकट्या सूपच्या तीन. मराठी मंडळाच्या गणपतीत त्यांनी "पाच मिनिटं बोलतो" म्हणून माइक घेतला, तेव्हा मोदक गार झाले तरी ते कुत्रीच्या जातीवरच होते. "दोन पुरावे मिळाल्याशिवाय मी तिला पूडल म्हणणार नाही!" त्यांनी अध्यक्षांना बजावलं. अध्यक्ष म्हणाले, "गेनाऊ, अगदी बरोबर, मामा. पण आरती?"

मीही हसायचो. पण ते कडवं मामांना हवं होतं हाना मामींसाठी. मामी मूळच्या बर्लिनच्या, गाणं त्यांच्या आजीचं. उभ्या संसारात त्यांनी मामांची प्रत्येक चूक जिथल्या तिथे दुरुस्त केली, अगदी लग्नातल्या भाषणातलीसुद्धा. आता त्या वृद्धाश्रमात खिडकीशी बसतात, कोणाशी बोलत नाहीत. मामांनी गाणं धरलं की दोन कडवी त्यांचे ओठ हलतात, मग त्या तिसऱ्यासाठी मामांकडे बघत राहतात. त्या बोलत होत्या तेव्हा मामांना गिअरबॉक्समधून वेळ नव्हता.

म्हणून दर शनिवारी जुन्या बाजारातली कागदांची खोकी उपसायची. "जावईबापू, तुम्ही तरुण. तुम्ही वाका." सहा महिन्यांत माझी कंबर गेली आणि मला अवदसा आठवली. मीच कडवं रचलं. पोस्टमास्तरला मिशी सापडते, बेकरीवाल्या विधवेशी लग्न होतं, शेवट गोड. कागद जुना दिसावा म्हणून तो घरच्या चहात बुडवला, वाळवला आणि वर इस्त्री फिरवली. स्वतःच्या हुशारीवर मी इतका खूश होतो, की उरलेला चहाही पिऊन टाकला.

मामांनी कागद भिंगाखाली धरला, उजेडात धरला, शेवटी नाकाशी नेला. पण पुरावा मागितला नाही. तिथेच मी सावध व्हायला हवं होतं. रविवारी मामींसमोर त्यांनी घसा खाकरून माझं कडवं म्हटलं. मिशी सापडली, लग्न लागलं...

"क्वाट्श! काहीतरीच!" मामी कडाडल्या. "मिशी कधीच सापडत नाही!"

आठ महिन्यांतलं त्यांचं पहिलं वाक्य. लगेच त्या खिडकीकडे वळल्या. मामा किती तरी वेळ चष्मा पुसत होते.

परतताना मी धीर केला. "मामा, तो कागद..."

"अहो, शंभर वर्षांपूर्वीच्या बर्लिनला वेलचीचा वास येत नव्हता, एवढं मला कळतं," मामा म्हणाले. "पुढच्या रविवारी दुसरं चुकीचं आणा."

तेव्हापासून मी दर आठवड्याला एक खोटं कडवं पाडतो आणि दोन पुराव्यांशिवाय कुत्रीला पूडल न म्हणणारे मामा ते तेविसाव्या फायलीत लावतात. कधी मामी "क्वाट्श" म्हणतात. मग मामांचा आठवडा छान जातो. कधी काहीच म्हणत नाहीत. तेव्हा मामा कागदाची नीट घडी घालतात आणि हळूच मला म्हणतात, "आजचं बरोबर असेल बहुधा."